गुण एकाचे, क्रमांक सगळ्यांचा

सुरतेजवळ इच्छापोरला आमच्या शेजारी एक खानदेशी कुटुंब राहतं. त्यांची मुलगी महाराष्ट्रातल्या एका विद्यापीठात कायदा शिकली. शेवटचा पेपर देऊन तीन महिने झाले, तरी निकालाच्या रकान्यात ‘राखीव’. वकिलाकडे न्यायची फाइल लावायला मी तिच्याबरोबर बसलो. “काका, गुणांचं नंतर. आधी तारखा लावू,” ती म्हणाली.

हॉलतिकीट, वेळापत्रक, निकालाच्या पानाची तारखेसह प्रिंट आणि तीन अर्ज. तिसऱ्या अर्जाच्या कोपऱ्यात आवक विभागाचा जांभळा शिक्का, खाली क्रमांक आणि तारीख. पहिले दोन कोरे. “दिले होते, पण पोच मागायचा संकोच वाटला.” वकिलांनी ते दोन्ही अलगद बाजूला सारले. उच्च न्यायालयाकडे आदेश मागायचा तर आधी विद्यापीठाकडे मागणी केल्याचं दिसावं लागतं. तिचं भांडण त्या जांभळ्या शिक्क्यापासून सुरू होणार होतं.

कायदा तिच्या बाजूने आहे. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ चं कलम ८९ सांगतं : निकाल ३० दिवसांत, फार तर ४५ दिवसांत. पण २०१७ साली मुंबई विद्यापीठाने सुमारे १७ लाख उत्तरपत्रिका एकदम संगणकावर तपासायला घेतल्या, तेव्हा हे कलम कागदावरच राहिलं. कुलपती विद्यासागर राव यांनी दिलेली ३१ जुलैची मुदत टळली, विधीचे विद्यार्थी उच्च न्यायालयात गेले, सप्टेंबर उजाडला. ऑक्टोबरात कुलगुरू संजय देशमुख यांना पदावरून दूर केलं गेलं. पुढच्या प्रवेशाच्या तारखा मात्र कुणासाठी थांबत नाहीत.

उशिरा लागलेला निकाल निदान हातात तरी येतो. गुणवत्ता यादीचं दुखणं वेगळं. गुण ज्याचे त्याचे. क्रमांक शेजारच्याच्या पुनर्मूल्यांकनानेही हलतो. यादी लागल्यावर दाद मागायची, तर ज्याचा क्रमांक खाली जाणार त्यालाही प्रतिवादी करावं लागतं, त्याचंही ऐकून घ्यावं लागतं. तोवर सुवर्णपदक कुणाच्या तरी भिंतीवर लागलेलं असतं.

गुण वाढवून द्यायला न्यायालयं सहसा तयार होत नाहीत. पुनर्मूल्यांकन नाकारणारा महाराष्ट्राच्या परीक्षा मंडळाचा नियम सर्वोच्च न्यायालयाने १९८४ साली वैध ठरवला. आपली तपासलेली उत्तरपत्रिका माहिती अधिकारात पाहण्याचा हक्क मात्र त्याच न्यायालयाने २०११ साली मान्य केला. म्हणजे विद्यार्थ्याच्या हातात खात्रीने उरतात त्या दोन गोष्टी : उत्तरपत्रिकेची प्रत आणि तारीख.

तिने चौथा अर्ज लिहिला, दोन प्रतींत. निकाल अडकलेल्या प्रत्येकाला माझं एवढंच सांगणं : दुसऱ्या प्रतीवर शिक्का उमटल्याशिवाय खिडकी सोडू नका.