वाळूचा हिशेब नदीकाठी हवा

कर्जत व खालापूर या तालुक्यांतून जाणाऱ्या प्रवाशास आज भातखाचरांच्या कडेने उठणाऱ्या नव्या इमारती आणि त्यांच्या पायथ्याशी ओतलेले वाळूखडीचे ढीग दिसल्यावाचून राहत नाहीत. मुंबई-पुण्याच्या मध्यमवर्गास डोंगराच्या सावलीत दुसरे घर असावेसे वाटते, यात गैर काहीच नाही. परंतु ज्या वाळूने आपल्या भिंती उभ्या राहतात ती कोठून आली, हा प्रश्न घर घेणारा सहसा विचारीत नाही. तो आज विचारणे आम्हांस आवश्यक वाटते. कारण त्याचे उत्तर शोधू जाता आपण एकीकडे परराज्याच्या सीमेवर, तर दुसरीकडे थेट उल्हास व पाताळगंगा यांच्या पात्रात जाऊन पोहोचतो.

मुंबईच्या परिसरात गुजरातची वाळू येते, ही गोष्ट बांधकामाच्या धंद्यात सर्वश्रुत आहे. गुजरात सरकारने आपल्या २०१० च्या गौण खनिज नियमांत तरतूद करून वाळू राज्याबाहेर नेण्यास मनाई केली आणि पर्यावरणाचे रक्षण हे तिचे कारण सांगितले. हा वाद उच्च न्यायालयातून सर्वोच्च न्यायालयात गेला व फेब्रुवारी २०१९ मध्ये ती मनाई कायमची रद्द ठरली. १९५७ च्या खाण व खनिज कायद्याचे कलम १५ राज्यांस गौण खनिजांच्या उत्खननाचे नियमन करू देते, कलम २३-सी बेकायदा उत्खनन व वाहतूक रोखू देते. परंतु रीतसर उपसलेल्या वाळूस केवळ ती सीमा ओलांडते म्हणून अडविण्याचा अधिकार त्यांतून निघत नाही. राज्यघटनेच्या ३०१ व्या कलमाने देशभर व्यापार मुक्त ठेवला आहे, हेही न्यायालयाने बजावले.

आपापल्या नद्यांची वाळू आपापल्या राज्यातच राहावी, असे म्हणणाऱ्यांची कळकळ आम्ही जाणतो. ज्याच्या शेताशेजारचे पात्र खरवडले जाते त्यास व्यापारस्वातंत्र्याची कलमे ऐकवून समाधान कसे होणार? तथापि या निकालामागील साधा विचार त्याच्याही हिताचा आहे. वाळू एकदा पात्रातून निघाल्यावर ती सुरतेस गेली काय नि मुंबईस आली काय, नदीच्या दृष्टीने हानी तेवढीच. नदी वाचवावयाची असेल तर उपशासच मर्यादा घातली पाहिजे. उपसा मोकळा आणि सीमा मात्र बंद, हे नदीचे रक्षण नव्हे. तो केवळ गिऱ्हाईक निवडण्याचा प्रकार होय.

हाच धडा आपल्या घरी लागू करावा, असे आमचे म्हणणे आहे. पाताळगंगेस उन्हाळ्यात जे पाणी असते ते बव्हंशी १९१५ साली सुरू झालेल्या खोपोलीच्या वीजगृहातून आलेले. आणि भिवपुरीच्या १९२२ च्या वीजगृहाचे पाणी पेज नदीच्या वाटे उल्हासला मिळते. त्याच उल्हासवर पुढे बदलापूरपासून कल्याणपर्यंतची नगरे तहान भागवितात. पात्रातील वाळू हे पाणी धरून ठेवते व गाळून देते. ती बेसुमार निघाली की पात्र खोल जाते, काठच्या विहिरींची पातळी उतरते आणि पुलांचे पाये उघडे पडतात.

कायद्याची उणीव आहे असेही नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचे कलम ४८ विनापरवाना उपशास बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड सांगते व वाहन जप्त करू देते. लहान पट्ट्यांनाही पर्यावरणीय मंजुरी हवी, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्येच सांगितले. २०१६ पासून जिल्हा सर्वेक्षण अहवाल आवश्यक झाला. आणि पात्रात वाळू पुन्हा किती भरते याच्या अभ्यासावाचून तो अहवाल अपुरा, असे त्याच न्यायालयाने २०२५ मध्ये ठरविले. उलट आमच्या राज्याचे धोरण मात्र २०२३ मध्ये सहाशे रुपये ब्रासच्या सरकारी डेपोकडे वळले आणि २०२५ मध्ये पुन्हा लिलावाकडे आले. विक्रीची रीत अशी वरचेवर बदलते. पण नदीत शिल्लक किती, हा प्रश्न तिच्यापुढे मागेच पडतो.

म्हणून आमची मागणी दुहेरी आहे. पुनर्भरणाचा आकडा, मंजूर उपसा आणि प्रत्यक्ष उपसा हे तिन्ही दरवर्षी पावसाळ्यानंतर ग्रामसभेत वाचून दाखवावेत. रात्री पात्रात उतरलेला पंप गावकऱ्यास सर्वांआधी दिसतो. त्याच्या तक्रारीस तहसील कचेरीत मान मिळाला, तर नाक्यावरच्या तपासणीवर एवढी भिस्त ठेवावी लागणार नाही. दुसरी मागणी वाचकांपाशी आहे. घराचा करार करताना फरशी व रंग आपण निरखून पाहतो. त्याच वेळी वाळूचा वाहतूक परवानाही मागावा. ती वाळू गुजरातची असो वा रायगडची, ती रीतसर निघाली होती काय, एवढेच विचारावे. डोंगर-नदीच्या सान्निध्यासाठी बांधलेल्या घराने तीच नदी कोरडी करावी, हे सुशिक्षितांस शोभणारे नाही.