बाटलीतला मनी प्लांट

मनी प्लांटची फांदी पाण्यात रुजते ती पेरातून. पेराशी तपकिरी, बारीकसा फुगवटा दिसतो. मूळ तिथूनच फुटतं. त्याच्या बोटभर खाली कापा आणि पेर पाण्यात बुडेल असं ठेवा. नुसतं पान देठासकट ठेवलंत, तर त्यातून वेल फुटणार नाही. पाण्यात बुडणारी पानं कुजतात, ती आधीच काढावीत. दोन-तीन आठवड्यांत पांढरी मुळं दिसू लागतात. ती रोज वाढताना बघण्याचं सुख कुंडीत नाही. काचेला शेवाळ धरलं तर बाटली उन्हातून हलवा.

पाणी मात्र दर आठवड्याला बदलाच, तेही बाटली आतून घासून. डेंग्यू पसरवणारा एडिस डास अशाच साठलेल्या स्वच्छ पाण्याच्या कडेला अंडी घालतो. ती काचेला चिकटून राहतात, नुसतं पाणी ओतून निघत नाहीत.