सालीखालचा मुशाफिर

१७५८ साली निसर्गशास्त्रज्ञ लिनियसने एका चिमुकल्या जीवाची नोंद ‘अ‍ॅकॅरस स्कॉर्पिऑइडिस’ या नावाने केली. त्याला जागा दिली ती माइट्सच्या गोतात. नांग्या विंचवाच्या, पण शेपूट नाही, त्यामुळे डंखही नाही. आज हाच छद्मविंचू ‘कॉर्डिलोकर्नीस स्कॉर्पिऑइडिस’ म्हणून ओळखला जातो. अमेरिकेच्या उष्ण कटिबंधातल्या जंगलात वड-उंबराच्या कुळातले एखादे झाड मरून कुजू लागले, की सुटलेल्या सालीखाली हा शिकार करत फिरतो. विष असते चिमट्यासारख्या नांगीच्या बोटात.

संग्राहकांना मात्र तो बहुधा सापडे हार्लेक्विन भुंग्याच्या पाठीवर, रंगीत पंखकवचाखाली. साहजिकच तर्क लढवले गेले ते त्या पाठीभोवतीच. भुंग्याच्या अंगावरचे माइट्स खायला तो तिथे चढत असावा, हा त्यातलाच एक.

डेव्हिड आणि जीन झे या संशोधक दांपत्याने पनामात झाडासकट सगळा मामला पाहिला आणि १९९२ मध्ये निष्कर्ष मांडले. कुजके खोड कायमचे घर नव्हे. ते संपत जाते. त्याच लाकडात वाढलेले भुंगे नव्या मेलेल्या झाडाकडे उडतात, तेव्हा छद्मविंचू आधीच पंखाखाली शिरलेले असतात. मुक्काम आला की स्वतःच काढलेल्या रेशमाच्या धाग्याला धरून ते खाली उतरतात. दांडगे नर मात्र उतरत नाहीत. इतर नरांना हुसकावून ते पाठ बळकावतात आणि चढणाऱ्या माद्यांशी तिथेच समागम करतात. गाडीचाच आखाडा होतो.

पुढे लक्ष माद्यांकडे वळले. एकदा जवळ केलेल्या नराला मादी लगेच पुन्हा थारा देत नाही, हे १९९८ मध्ये दिसले. १९९९ च्या प्रयोगात, एकाच नराशी दोनदा समागम केलेल्या माद्यांपेक्षा दोन वेगळ्या नरांशी समागम केलेल्यांना जास्त पिल्ले झाली.

२०१२ चे निष्कर्ष काळजीचे होते. नेहमीपेक्षा साडेतीन अंश सेल्सियस जास्त तापमानात वाढवलेल्या नरांचे शुक्राणू निम्म्याहून अधिक घटले. त्याच तापमानात वाढलेल्या माद्यांना तर एकही पिल्लू झाले नाही. झाड संपले, तर दुसऱ्या झाडावर नेणारा भुंगा आहे. उकाडा मात्र पुढच्या झाडावरही तोच असणार.