काढायचंय? आधी ऐकून घ्या

पेण तालुक्यातल्या जिते गावात सरकार किती रूपांत भेटतं पाहा. सातबारा देणारा तलाठी राज्य सरकारचा, ग्रामसेवक जिल्हा परिषदेचा आणि दिवा-रोहा मार्गावरच्या जिते स्टेशनातला रेल्वे कर्मचारी केंद्राचा. यांच्यासारख्या कुणी पैसे खाल्ल्याची बोंब झाली की लोक पहिल्यांदा विचारतात, ‘मग अजून घरी कसा बसवला नाही?’ उत्तर थक्क करणारं आहे. साध्या शिपायाची नोकरी घ्यायची तरी एवढं बलाढ्य सरकार आधी स्वतःचेच हात बांधून घेतं.

गंमत राज्यघटनेतच सुरू होते. अनुच्छेद 310 म्हणतो, केंद्राचा नोकर राष्ट्रपतींच्या मर्जीवर आणि राज्याचा नोकर राज्यपालांच्या मर्जीवर नोकरीत राहतो. ही इंग्लंडच्या राजाच्या दरबारातून आलेली कल्पना. पण लगेच पुढचा अनुच्छेद 311 त्या मर्जीला वेसण घालतो. नेमणूक करणाऱ्यापेक्षा खालच्या अधिकाऱ्याने बडतर्फ करायचं नाही. आणि आरोप सांगून, चौकशी करून, बाजू मांडायची वाजवी संधी दिल्याशिवाय बडतर्फी, सेवेतून काढणं किंवा पदावनती यांतलं काहीच करायचं नाही. ग्रामसेवकासाठी अशीच वाट जिल्हा परिषदांच्या 1964 च्या शिस्त व अपील नियमांनी आखली आहे.

तलाठ्याच्या बाबतीत कामी येतात ते महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, 1979. आधी दोषारोपपत्र, त्यासोबत कागदपत्रांची आणि साक्षीदारांची यादी. मग कर्मचाऱ्याचं लेखी उत्तर. आरोप नाकारले तर चौकशी अधिकारी नेमला जातो. सादरकर्ता अधिकारी सरकारची बाजू मांडतो आणि कर्मचाऱ्याला साक्षीदारांची उलटतपासणी घेता येते. चौकशीचा अहवाल विरोधात गेला, तरी शिक्षेचा निर्णय होण्याआधी त्याची प्रत कर्मचाऱ्याच्या हाती पडलीच पाहिजे, असं सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने 1993 मध्ये करुणाकर खटल्यात ठरवलं.

समोरासमोरच्या या लढाईत दोन्ही बाजूंची ताकद सारखी हवी, हे मुंबई बंदराच्या एका खटल्याने दाखवलं. बंदराच्या विश्वस्त मंडळाने चौकशीत आपली बाजू मांडायला स्वतःचे कायदा अधिकारी उभे केले, पण कर्मचाऱ्याला वकील नाकारला. सर्वोच्च न्यायालयाने ती चौकशी सदोष ठरवली.

सगळ्यात नवलाची गोष्ट पुढेच आहे. चौकशी चालू असताना निलंबित झालेल्या माणसाला सरकार निर्वाह भत्ता देतं, सुरुवातीला साधारण अर्ध्या पगाराएवढा. म्हणजे ज्याच्यावर आरोप ठेवला, त्याचीच चूल सरकार पेटती ठेवतं! उपाशी माणूस स्वतःचा बचाव काय करणार, हा त्यामागचा विचार. महाराष्ट्रात मात्र एकेकाळी असा नियम होता की फौजदारी न्यायालयाने तुरुंगवासाची शिक्षा दिली, तर अपिलाचा निकाल लागेपर्यंत त्या निलंबित कर्मचाऱ्याला महिन्याला फक्त एक रुपया भत्ता. सर्वोच्च न्यायालयाने 1983 मध्ये ‘महाराष्ट्र राज्य विरुद्ध चंद्रभान’ या खटल्यात हा नियम घटनाबाह्य ठरवला. भत्ता द्यायचा तो जगण्यापुरता तरी हवा.

या तटबंदीला दारंही आहेत. फौजदारी गुन्ह्यात दोषी ठरलेल्याला, चौकशी घेणं व्यवहार्यच नसेल तेव्हा, किंवा राज्याच्या सुरक्षेसाठी, 311 नुसारच्या चौकशीशिवाय काढता येतं. 1985 च्या तुलसीराम पटेल खटल्यात न्यायालयाने हे अपवाद उचलून धरले, पण चौकशी का शक्य नाही याची कारणं लेखी नोंदवावीच लागतात. शिवाय विभागीय चौकशीत फौजदारी खटल्याइतका काटेकोर पुरावा लागत नाही. शक्यतेचं पारडं आरोपाकडे झुकलं, तरी पुरतं. म्हणजे दोषी माणूस सुटावा म्हणून हे नियम केलेले नाहीत.

मग एवढा खटाटोप कुणासाठी? विचार करा, जमिनीचे भाव चढलेल्या पट्ट्यात एखाद्या वजनदार माणसाने तलाठ्याला म्हटलं, ‘फेरफार माझ्या नावे कर, नाहीतर उद्या नोकरीत नसशील.’ हे धमकावणं पोकळ ठरतं ते याच नियमांमुळे. बदली होईल, निलंबनही होईल; पण नोकरी घ्यायची तर आरोप कागदावर आणावा लागेल आणि सिद्ध करावा लागेल. त्या बळावर तलाठी नाही म्हणू शकतो, आणि वाचतो तो सातबाऱ्यावर नाव असलेला शेतकरी.