वावेलच्या टेकडीवर

गाइड या प्राण्याविषयी माझे मत पूर्वीपासून फारसे अनुकूल नाही. कोणताही किल्ला पाहायला जावे, तर हे गृहस्थ पहिल्याच दरवाजापाशी आपल्याला गाठतात, कोणत्या राजाला किती राण्या होत्या याचा हिशेब देतात आणि शेवटच्या बुरुजावर पोचलो की चहापाण्याची आठवण करून देतात. त्यामुळे पोलंडमधल्या क्राकुव शहरी गेल्यावर तिथला वावेलचा राजवाडा आणि त्याला खेटून उभे असलेले कॅथीड्रल आपले आपण, पुस्तक हातात धरून पाहावे, असा माझा बेत होता. पण सौभाग्यवतींचा भाचा तिथे नोकरीला. "काका, गाइड ठरवून ठेवलीय, पैसेही भरलेत," असे सांगून तो कचेरीत निघून गेला. भरलेले पैसे फुकट जाऊ देणे मध्यमवर्गीय माणसाच्या धर्मात बसत नाही. तेव्हा सकाळी साडेनऊच्या ठोक्याला आम्ही उभयता टेकडीच्या पायथ्याशी हजर झालो.

गाइड म्हणजे पासष्टीच्या एक बाई निघाल्या. पांढरे केस, काळा कोट आणि हातात मिटलेली छत्री. पुढचे तीन तास त्या याच छत्रीने आम्हांला इतिहास दाखवीत होत्या. आम्ही भारतातून आलो असे कळताच त्यांचा चेहरा उजळला. "म्हणजे तुम्ही चक्रासाठी आलात!"

"कसलं चक्र?" मी विचारले.

त्यावर कळले ते असे. भगवान शंकरांनी म्हणे पृथ्वीवर सात दगड भिरकावले. त्यांतला एक या टेकडीच्या पोटात येऊन पडला. राजवाड्याच्या चौकात एका कोपऱ्यात भिंतीला पाठ टेकून उभे राहिले की त्या दगडाची शक्ती अंगात शिरते, अशी इकडे समजूत आहे, आणि देशोदेशीचे लोक तेवढ्यासाठी येतात. आमच्या घरी दर सोमवारी शंकराला बेल वाहिला जातो, पण हे दगडफेकीचे प्रकरण काही माझ्या कानावर आले नव्हते. तसे मी प्रांजळपणे सांगितले, तेव्हा बाई जराशा हिरमुसल्या. "असू द्या," त्या म्हणाल्या, "तो कोपरा आपण शेवटी पाहू."

टेकडीला वळसा घालून नदी वाहते. मी नकाशातले नाव वाचून "विस्ला" म्हणालो. "विस्वा," बाईंनी ताबडतोब दुरुस्ती केली. पोलिश लोक रोमन 'एल' अक्षरावर एक तिरपी रेघ मारतात आणि मग त्याचा उच्चार 'व' होतो. जन्मभर मुलांचे ऱ्हस्वदीर्घ सुधारणाऱ्या माणसाला कोणी असे सुधारले की बरे वाटते. मी निमूटपणे "विस्वा" म्हटले.

वर जाणाऱ्या रस्त्याला लागून विटांची एक भिंत आहे. तिच्यावर ओळीने नावे कोरलेली. मला वाटले, लढाईत पडलेल्यांची असतील. पण ती निघाली वर्गणीदारांची! १७९५ साली रशिया, प्रशिया आणि ऑस्ट्रिया या तीन शेजाऱ्यांनी पोलंडचा उरलासुरला तुकडा वाटून घेतला, आणि पुढली १२३ वर्षे या नावाचा देशच नकाशावर नव्हता. क्राकुव ऑस्ट्रियाच्या वाट्याला गेले आणि राजवाड्याची झाली लष्करी बराक. ती पलटण १९०५ साली हलू लागली तेव्हा वाड्याची दशा पाहवत नव्हती. मग लोकांनी पैसे जमवून आपल्या राजाचे घर दुरुस्त केले. १९२१ पासून ज्यांनी ज्यांनी देणगी दिली, त्यांची नावे या भिंतीत लागली. आपल्याकडे देवळाच्या पायरीवर कोरलेली नावे ज्याने वाचली आहेत, त्याला या भिंतीपुढे परके वाटण्याचे कारण नाही.

कॅथीड्रलच्या दाराशी साखळदंडाने काही अजस्र हाडे टांगलेली आहेत. टेकडीखालच्या गुहेत एक अजगर राहत असे, एका चांभाराने त्याला गंधक भरलेले मेंढरू खाऊ घातले, मग तहानेने नदी पिता पिता तो फुटला, अशी कथा आहे. शास्त्रज्ञ म्हणतात, ही हाडे मॅमथची, गेंड्याची आणि देवमाशाची. लोक मात्र म्हणतात, ती खाली पडतील त्या दिवशी जग बुडेल. सौभाग्यवतींनी साखळी नीट न्याहाळली आणि "मजबूत आहे" असा निर्वाळा दिला. मग आम्ही आत गेलो.

आजची ही वास्तू १३६४ साली पुरी झाली. मधोमध संत स्तानिस्वावची समाधी आहे. हा इथला बिशप. १०७९ साली राजाच्या कोपाने त्याचा प्राण गेला. पुढे शतकानुशतके पोलंडचे राजे राज्याभिषेकासाठी आले ते या समाधीपाशी. राजांनी मारलेल्या माणसापुढे राजांनी मान वाकवायची, हा दंडक मला फार आवडला.

पण ज्या थडग्यापाशी आमची मंडळी थबकली ते याद्विगा राणीचे. राणी म्हणतो, पण १३८४ साली तिला अभिषेक झाला तो 'राजा' या पदवीने, आणि तेव्हा तिचे वय होते दहा-अकरा वर्षांचे. १३९९ साली बाळंतपणानंतर ती गेली. जाताना आपले दागिने तिने क्राकुवच्या बंद पडत चाललेल्या विद्यापीठाला ठेवले. त्या पैशांवर १४०० साली विद्यापीठ पुन्हा उभे राहिले, आणि पुढे एका शतकाच्या आतच कोपर्निकस तिथे शिकायला आला. थडगे उघडले तेव्हा तिच्याजवळ जो राजदंड सापडला तो सोन्याचा नव्हता. लाकडाचा होता.

"सोनं सगळं कॉलेजला दिलं," ही हळूच म्हणाली आणि का कोण जाणे, माझ्याकडे पाहून हसली.

तिथून आम्ही घंटेच्या मनोऱ्यात चढलो. जिना लाकडी आणि असा अरुंद, की वरून कोणी आले तर खालच्याने पोट आत घ्यावे. वर झिग्मुंट राजाने १५२० साली ओतवून घेतलेली घंटा आहे. सगळ्या साजासकट तिचे वजन साडेबारा टनांच्या वर भरते आणि तिला हलवायला बारा माणसे लागतात. ती रोज वाजत नाही. मोठे सण आणि देशाच्या सुखदुःखाचे प्रसंग, एवढ्यांसाठीच ती आहे. १९७८ साली या शहराचे आर्चबिशप पोप झाले तेव्हा ती वाजली, आणि २००५ साली ते वारले तेव्हाही वाजली. तिच्या लोलकाला हात लावला की मनातली इच्छा पुरी होते म्हणतात. आम्ही दोघांनीही हात लावला. काय मागितले ते एकमेकांना सांगितले नाही.

मग तळघर. इथे राजे आहेत, सेनापती आहेत. एका बाजूच्या लहानशा तळघरात मात्र दोनच शवपेट्या आहेत, आणि त्या दोन्ही कवींच्या! एक मित्सकिएविच आणि दुसरा स्वोवात्स्की. दोघेही परमुलखात मेले. स्वोवात्स्की १८४९ साली पॅरिसमध्ये गेला, मित्सकिएविच १८५५ साली इस्तंबूलला. १८९० साली मित्सकिएविचचे अवशेष फ्रान्समधून इथे आणले, तेव्हा देश अजून परक्यांच्या ताब्यात होता. सैन्य नाही, खजिना नाही, सरकार नाही, अशा वेळी या लोकांनी काय केले, तर आपला कवी परत आणला आणि राजांच्या शेजारी निजवला. स्वातंत्र्य मिळाल्यावर १९२७ साली स्वोवात्स्कीला आणले. तेव्हा पिल्सुद्स्की या त्यांच्या सेनानीने त्याला राजांच्या बरोबरीचा ठरवूनच इथे जागा दिली.

मी त्या दोन पेट्यांपुढे जरा जास्त वेळ उभा राहिलो. मी मराठी शिकवतो. दरवर्षी जून-जुलैत मराठी विशेष विषय घेतलेली मुले मोजतो. पूर्वी वर्ग भरत असे, यंदा नऊ आहेत. एका मुलीच्या वडिलांनी मला तोंडावरच विचारले, "सर, मराठी घेऊन ही पुढं काय करणार?" मी बी. एड.पासून भाषांतरापर्यंत सगळी यादी वाचून दाखवली. त्यांना ती पटली नाही, आणि खरे सांगायचे तर मलाही पटली नव्हती. त्या तळघरात मला वाटले, यादी वाचण्याची गरज नव्हती. १२३ वर्षे ज्यांचे राज्य कागदावरसुद्धा नव्हते, त्यांचे राज्य कुठे होते? ते भाषेत होते. तिथून कोणाला ते काढून घेता आले नाही.

राजवाड्याचा चौक पाहून मात्र डोळे निवतात. तीन मजल्यांच्या कमानी, वर आकाश. एका दालनाच्या छतातून लाकडात कोरलेली माणसांची मुंडकी खाली पाहतात. एके काळी ती १९४ होती, आता ३० उरली आहेत. त्यांतल्या एका बाईच्या तोंडाला पट्टी बांधली आहे. राजा एका गरीब बाईविरुद्ध अन्यायाचा निकाल देऊ लागला तेव्हा हे मुंडके वरून बोलले, की न्यायाने वाग! त्याने पुन्हा बोलू नये म्हणून त्याचे तोंड बांधले, अशी दंतकथा. "निकाल बदलला का?" हिने विचारले. "बदलला," बाई म्हणाल्या, "पण तोंडही बांधलं."

भिंतींवर ब्रुसेल्सला विणवून घेतलेले चित्रपट आहेत. आज १३० हून अधिक उरलेत. झिग्मुंट ऑगस्ट राजाने मृत्युपत्रात लिहून ठेवले, की बहिणींच्या पश्चात हे देशाला द्यावेत. १७९५ साली ते रशियात गेले, १९२१ च्या तहानंतर परत आले. सप्टेंबर १९३९ मध्ये जर्मन फौजा येऊन ठेपल्या, तेव्हा ते होडीत घालून विस्वा नदीतून बाहेर काढले. रुमानिया, फ्रान्स, इंग्लंड असे करीत ते कॅनडाला पोचले आणि १९६१ साली घरी आले. मधल्या काळात याच वाड्यात हिटलरचा गव्हर्नर हान्स फ्रांक राहत होता. बाईंनी एवढेच सांगितले आणि छत्री पुढच्या दालनाकडे वळवली.

शेवटी आम्ही त्या चौकातल्या कोपऱ्यात आलो. "तुमची जागा," बाई म्हणाल्या.

"आमची जागा ही नव्हे," ही म्हणाली. "तुमच्या लोकांशी आमचं नातं आहे ते कोल्हापूरचं." आणि तिने आपल्या आजीची गोष्ट सांगितली. लढाईच्या दिवसांत आजी नवी लग्न होऊन कोल्हापुरात आली होती. जवळच वळिवड्याला पोलिश निर्वासितांची छावणी होती. तिथल्या गोऱ्या बायका बाजारात येत, आणि मोडकंतोडकं मराठी बोलून भाजीचा भाव पाडत.

बाई एकदम थांबल्या. "वालिवादे?" त्या म्हणाल्या. "माझी मोठी मावशी वालिवादेला होती!"

१९४० साली रशियनांनी पूर्व पोलंडमधून लाखो माणसे सैबेरियात नेऊन टाकली. त्यांतली सुटली ती इराणमार्गे जगभर पांगली. सुमारे पाच हजार, बहुतेक बायका आणि मुले, १९४३ ते १९४८ पर्यंत वळिवड्याला राहिली. तिथे त्यांनी शाळा काढल्या, चर्च उभारले. ती गेल्यावर त्याच बराकींत सिंधी निर्वासित आले, आणि आजचे गांधीनगर झाले. बाईंची मावशी दहा वर्षांची होती. पुढे ती इंग्लंडला गेली ती तिथलीच झाली. "ती म्हणायची, पोलिश कविता मी हिंदुस्थानात पाठ केल्या. घर नव्हतं, पण शाळा होती."

मग त्यांनी मला विचारले, "तुम्ही तर भाषेचे प्राध्यापक. ते नाव बरोबर कसं म्हणायचं? आम्ही घरात आयुष्यभर चुकीचंच म्हणत आलो असणार."

मी जीभ कशी मागे वळवायची ते दाखवले. "ळ. वळिवडे." पहिल्या खेपेला त्यांना जमले नाही. पाचव्या की सहाव्या खेपेला मात्र एक लख्ख 'ळ' त्या चौकात उमटला. शक्तीसाठी भिंतीला पाठ टेकून उभे असलेले दोघे तिघे आमच्याकडे वळून पाहू लागले. बाई हसून म्हणाल्या, "आमचाही तो रेघेचा ल पूर्वी असाच जड होता. जुने नट रंगभूमीवर तसाच म्हणत."

निघताना मी खिशात हात घातला. चहापाण्याची आठवण या वेळी माझी मलाच झाली होती. त्यांनी माझा हात तसाच धरला आणि पुन्हा एकदा, अगदी सावकाश म्हटले, "वळिवडे." मी "बरोबर" म्हणालो. त्या दिवशी माझ्या वर्गात दहावी विद्यार्थिनी आली.