मेजामागचा उमराव

'कॅसाब्लांका' हा १९४२ सालचा अमेरिकन बोलपट ज्यांनी पाहिला आहे, त्यांस त्यातील एक प्रसंग खचित आठवत असेल. येथे जुगार चालतो हे पाहून आपणांस धक्काच बसला, अशी बतावणी करीत पोलीस अधिकारी कॅफे बंद करावयास निघतो. आणि त्याच क्षणी जुगाराच्या मेजावरचा नोकर अदबीने पुढे येऊन, त्याच अधिकाऱ्याने जिंकलेले पैसे त्याच्या हाती ठेवतो. प्रेक्षक हसतात, कथा पुढे जाते. या नटाचे नाव श्रेयनामावलीतदेखील नाही.

मार्सेल दालियो हे ते नाव. रुमानियातून आलेल्या ज्यू कुटुंबात १८९९ साली पॅरिसमध्ये त्यांचा जन्म झाला. घरचे नाव इस्राएल मोशे ब्लाउशिल्ड. ठेंगणी मूर्ती, टपोरे डोळे. नायकाचे रूप काही त्यांना लाभले नव्हते. पॅरिसच्या रंगभूमीवरून ते बोलपटात आले आणि खबरे, लफंगे अशाच भूमिका वाट्याला येऊ लागल्या.

त्यांची खरी पारख केली ज्याँ रेन्वार यांनी. पुढे 'दि रिव्हर' चित्रित करण्यासाठी बंगालात आले तेच हे दिग्दर्शक. 'ला ग्रांद इल्युझियाँ' (१९३७) या युद्धकैद्यांच्या कथेत दालियो झाले रोझेन्थाल. घरून आलेला खाऊ सर्व सोबत्यांस वाटून खाणारा श्रीमंत ज्यू अधिकारी. पळून जाताना त्याचा पाय मुरगळतो. वैतागलेला सोबती त्याच्या जातीचा उद्धार करून निघून जातो, आणि हा दगडावर बसून त्वेषाने मुलांचे गाणे म्हणत राहतो. थोड्या वेळाने सोबती मुकाट्याने परत येतो. दोन माणसांतील समेट इतक्या थोडक्या शब्दांत दाखविलेला आम्ही क्वचितच पाहिला आहे.

दोन वर्षांनी रेन्वारांनी 'ला रेग्ल द्यु ज्यु'मध्ये त्यांस चक्क उमराव केले. ज्यू नटाने फ्रेंच उमरावाची भूमिका करावी, हे अनेकांस रुचले नाही. रेन्वारही खट्याळ! या उमरावाच्या आईचे वडील रोझेन्थाल नावाचे होते, अशी कुजबुज त्यांनी नोकरांच्या जेवणाच्या मेजावर घातली आहे. नव्याने मिळविलेले यांत्रिक वाद्य पाहुण्यांस दाखविताना दालियोंच्या चेहऱ्यावर अभिमान आणि संकोच एकाच वेळी उमटतात. त्या एका दृश्यासाठी तरी हा चित्रपट अवश्य पाहावा. जुलै १९३९ मध्ये पॅरिसच्या प्रेक्षकांनी मात्र त्याची हुर्यो उडविली.

पुढल्याच जूनमध्ये जर्मन फौजा पॅरिसच्या वेशीशी आल्या. दालियो आपली तरुण पत्नी मादलेन लबो हिच्यासह लिस्बनला निसटले. तेथे चिलीचे व्हिसा मिळाले खरे, पण जहाज मेक्सिकोला लागल्यावर ते बनावट ठरले! अखेर कॅनडाच्या तात्पुरत्या पासपोर्टांवर ती दोघे अमेरिकेत पोहोचली. इकडे व्याप्त फ्रान्समध्ये नाझींनी 'ज्यू कसा ओळखावा' हे लोकांस शिकविण्यासाठी दालियोंचेच छायाचित्र भिंतींवर लावले. त्यांचे आईवडील छळछावणीत मृत्यू पावले.

प्रवासाच्या परवान्यांसाठी तडफडणाऱ्या निर्वासितांची कथा म्हणजे 'कॅसाब्लांका'. तीत दालियोंनी जुगाराचे चाक फिरविले. आणि फ्रान्सचे राष्ट्रगीत गाताना जिच्या गालांवरून आसवे ओघळतात, ती तरुणी म्हणजे मादलेन लबो. याच सुमारास त्या दोघांचा संसारही मोडला.

हॉलिवूडने त्यांस नोकर, हॉटेलवाले, क्वचित मंत्रीही केले. 'टू हॅव अँड हॅव नॉट'मध्ये (१९४४) ते हॉटेलमालक होते, तर त्याच वर्षीच्या 'विल्सन'मध्ये फ्रान्सचे पंतप्रधान क्लेमांसो. पण रेन्वारांनी दिली तशी भूमिका पुन्हा लाभली नाही. युद्धानंतर ते मायदेशी परतले, अधूनमधून अमेरिकेतही कामे करीत राहिले. तो उपहासित चित्रपट १९५९ साली पूर्ववत जुळवून दाखविला गेला आणि आज जगातील श्रेष्ठ चित्रपटांत गणला जातो. हे पाहावयास दालियो हयात होते, एवढे तरी बरे झाले.

१९७३ साली 'रॅबाय जेकब' या फ्रेंच विनोदी चित्रपटात त्यांनी ज्यू धर्मगुरू रंगविला. भिंतींवर ज्याची नाचक्की केली गेली, त्याच चेहऱ्याला त्या वर्षी फ्रान्समधील चित्रपटगृहे मनमुराद हसत होती. नोव्हेंबर १९८३ मध्ये पॅरिस येथे ते वारले.