एकनाथ सोलकर : फलंदाजाच्या पुढ्यातील क्षेत्ररक्षक

क्रिकेटमध्ये धावा आणि बळी यांचा हिशेब सर्वजण ठेवतात. झेलांचा हिशेब सहसा कोणी विचारीत नाही. एकनाथ सोलकर यांच्या कारकिर्दीचे मोल मात्र त्या हिशेबावाचून कळावयाचे नाही. २७ कसोटी सामन्यांत त्यांनी १,०६८ धावा केल्या, १८ बळी मिळविले आणि झेल घेतले ५३. यष्टिरक्षक वगळता, पन्नास झेलांचा टप्पा ओलांडणाऱ्या कोणाही खेळाडूस सामन्यागणिक जवळजवळ दोन झेलांचे हे प्रमाण गाठता आलेले नाही.

सोलकरांचा जन्म १८ मार्च १९४८ रोजी मुंबईत झाला. वडील हिंदू जिमखान्याच्या मैदानाची निगा राखीत. कुटुंबाचे बिऱ्हाड तेथेच, एका खोलीत. त्याच मैदानावर वाढलेल्या या मुलाने १९६९ मध्ये न्यूझीलंडविरुद्ध हैदराबाद येथे कसोटीत पदार्पण केले.

त्यांची जागा फॉरवर्ड शॉर्ट लेगची. बेदी, प्रसन्ना, चंद्रशेखर व वेंकटराघवन यांची फिरकी रोखण्यास फलंदाज पुढे येई, तेव्हा बॅटची कड घेऊन पॅडवर आदळलेला चेंडू क्षणभरच हवेत राही. तो जमिनीवर पडण्यापूर्वी टिपावयाचा, तोही फलंदाजापासून दोन-तीन पावलांवर ओणवे राहून. पुढचाच चेंडू जोराने अंगावर येण्याचा धोका असेच, आणि शिरस्त्राणाची सोय तेव्हा नव्हती. (आपल्या शालेय सामन्यांत ही जागा पुष्कळदा संघातील सर्वांत लहान मुलास देतात; ते योग्य नव्हे.) सोलकर जवळ उभे आहेत या जाणिवेनेच फलंदाजाचे पाऊल अडखळे. हा लाभ कोणत्याही धावफलकात दिसत नाही.

१९७१ च्या ऑगस्टमधील ओव्हल कसोटीत इंग्लंडचा दुसरा डाव १०१ धावांत आटोपला. चंद्रशेखर यांचे ३८ धावांतील ६ बळी सर्वांच्या स्मरणात आहेत. परंतु पहिल्या डावात ९० धावा काढणारे ॲलन नॉट दुसऱ्या डावात टिकते, तर चित्र पालटले असते. वेंकटराघवन यांच्या चेंडूवर सोलकरांनी पुढे झेप घेऊन त्यांचा झेल घेतला. पहिल्या डावात ३ बळी आणि ४४ धावा हीही त्यांची कामगिरी होती. भारताने इंग्लंडच्या भूमीवरील पहिला कसोटी विजय मिळविला, तो याच सामन्यात.

त्याच वर्षी किंग्स्टन येथे वेस्ट इंडीजविरुद्ध ५ बाद ७५ अशा बिकट अवस्थेत सोलकरांनी दिलीप सरदेसाई यांच्यासह १३७ धावांची भागीदारी रचली होती. पुढे १९७२-७३ च्या इंग्लंडविरुद्धच्या मालिकेत त्यांनी १२ झेल घेतले. १९७५ मध्ये वानखेडे स्टेडियमवरील पहिल्याच कसोटीत वेस्ट इंडीजविरुद्ध १०२ धावा काढल्या. हे त्यांचे एकमेव कसोटी शतक. १९७७ च्या जानेवारीत कोलकाता येथे ते अखेरची कसोटी खेळले. २६ जून २००५ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले.